ओटीपीचे उरलेले दोन आकडे

प्रश्न थोडक्यात असा आहे: "हिंजवडीत एकटाच राहतो. रात्री जेवताना अमेरिकन विनोदवीर टिम रॉबिन्सनच्या 'आय थिंक यू शुड लीव्ह' या स्किटच्या मालिकेचे एपिसोड लावतो. पोट धरून हसतो आणि नंतर ताट धुताना एकदम कसंतरी होतं. त्यातल्या विचित्रपणाचा आणि या कसंतरी होण्याचा काय संबंध? आणि असली स्किट मराठीत लिहायची असतील तर सुरुवात कुठून करू?"

उत्तर लांबणार आहे. मी वीसेक वर्षं टीव्हीसाठी स्किट लिहितोय. त्यातली बरीचशी नवरा-बायको, घरमालक-भाडेकरू आणि लुगडं नेसलेला पुरुष या तीन खुंट्यांवर टांगलेली आहेत, तेव्हा या प्रकारातला मी काही साधुसंत नाही. पण हशा कुठे टाकायचा आणि कुठून काढायचा यावरून एडिटच्या टेबलावर मी जेवढी भांडणं केली आहेत, तेवढी लग्नाची यादी करताना दोन व्याह्यांनीही केली नसतील. तुमच्या प्रश्नाचं उत्तर बरंचसं त्या टेबलावरच आहे.

आधी एक गैरसमज काढून टाकू. विचित्र स्किट लिहायला बसलेला प्रत्येक नवा मुलगा विचित्र वस्तूपासून सुरुवात करतो. बोलणारी भेंडी. मुंडक्याच्या जागी फ्रीज असलेला साहेब. मी विचारतो, "बरं, भेंडी बोलली. पुढे?" पुढे काही नसतं, भेंडी आणखी बोलते. भेंडी बोलली म्हणून कुणी हसत नाही. भेंडी बोलते आणि आई मान वर न करता म्हणते, "तिच्याकडे लक्ष देऊ नकोस, तू चीर," तिथे गंमत सुरू होते. म्हणजे त्या विचित्र गोष्टीकडे बाकीचे कसे बघतात, हे लिहावं लागतं. आणि 'बाकीचे' म्हटलं की कुणीतरी एक जण त्या बाकीच्यांच्या बाहेर राहतोच. एकटेपणा हा विषय म्हणून मुद्दाम घ्यावा लागत नाही. पंगत मांडली की एक पाट बाहेर उरतो. तो कुणासाठी ठेवायचा एवढंच लेखकाने ठरवायचं असतं. सगळी कारागिरी त्यात आहे, आणि तुमचं कसंतरी होणंही.

रॉबिन्सन आणि त्याचा सहनिर्माता झॅक कॅनिन यांनी तो पाट चूक करणाऱ्याला दिला. २०१९ साली आलेल्या पहिल्या सीझनचं अगदी पहिलं स्किट आठवा. नोकरीची मुलाखत छान झालेली, हस्तांदोलन झालेलं, आता फक्त बाहेर पडायचं. दार ढकलायचं आहे, तो ओढतो. मुलाखत घेणारा सांगतो, ढकलायचंय बहुतेक. इथे तुम्ही-आम्ही "अरे हो" म्हणून हसतो आणि निघतो. हा म्हणतो, नाही, दोन्हीकडे उघडतं, मी काल येऊन गेलोय. आणि ओढत राहतो. बिजागऱ्या निखळेपर्यंत, तोंडातून लाळ गळेपर्यंत. एक "अरे हो" आला नाही, त्यावर अख्खं स्किट उभं आहे.

त्याच सीझनमध्ये वाढदिवसाची पार्टी आहे. मित्राने भेटवस्तू उघडली, आवडली म्हणाला. देणाऱ्याचं समाधान होत नाही. खरंच आवडली असेल तर बदलून घ्यायची पावती परत दे, म्हणतो. कारण पावती जवळ ठेवली म्हणजे बदलायचा विचार मनात आहे. यात वेडेपणा कुठे आहे? हिशोब तर बरोबर आहे! रॉबिन्सनची माणसं बंडखोर नसतात, नियम मोडणारी तर अजिबातच नसतात. भेट आवडली पाहिजे, चार लोकांत हसं होता कामा नये, हे नियम त्यांनी आपल्यापेक्षा जास्त मनावर घेतलेले असतात. आपण ते पाळतो आणि वेळ आली की हळूच सोडून देतो. त्यांना सोडता येत नाही. लहान मूल पकडापकडीत राज्य घेतं आणि बाकीची पोरं घरी निघून गेली तरी धावत राहतं, तसं. तुम्ही ताट धुताना ते दार आठवता, कारण मनातल्या मनात तुम्हीही ते कधीतरी ओढलेलं आहे. ऑफिसात कुणाला चुकीच्या नावाने हाक मारून पुढचे तीन महिने त्या बाजूचं कॉफी मशीन टाळलेलं आहे.

दुसऱ्या सीझनमधलं, म्हणजे २०२१ मधलं एक स्किट मी थांबवून थांबवून किती वेळा बघितलंय याला गणती नाही. छुप्या कॅमेऱ्याने लोकांची फजिती करणारा कार्यक्रम आणि त्याचा सूत्रधार. या खेपेला तो वेश पालटून मॉलच्या फूड कोर्टात शिरणार आणि लोकांच्या खोड्या काढणार. वेश म्हणजे रबराचा चेहरा, टोप, फुगवलेलं अंग. पात्राचं नाव कार्ल हॅवॉक. तो आत येतो आणि उभा राहतो. नुसताच. निर्माता विचारतो, काय झालं, करतोयस ना? तो म्हणतो, अंगावर फार लादलंय. आणि मग म्हणतो, मला आता असावंसंच वाटत नाही. तो कार्यक्रमाबद्दल बोलतोय की एकंदर जगण्याबद्दल, हे निर्मात्याला कळत नाही आणि आपल्यालाही नाही. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही, असं आपल्याकडे म्हणतात. इथे आणलेलं सोंग उतरवता येत नाही.

लिहिणाऱ्याने यातली एक गोष्ट उचलावी. ते वाक्य आधी मेकअपबद्दलचं आहे. अगदी व्यवहारातली, खालच्या पातळीवरची कुरकुर. तोच माणूस खिडकीशी उभा राहून, मागे बासरी लावून "मला असावंसं वाटत नाही" म्हणाला असता तर आपण रिमोट शोधला असता. दुःख नेहमी दुसऱ्या कुठल्यातरी तक्रारीच्या खिशातून बाहेर पडलं पाहिजे.

आता थोडं मागे जाऊ, कारण बाहेरचा पाट नेहमीच चूक करणाऱ्याचा नव्हता. मॉन्टी पायथन या ब्रिटिश विनोदी टोळीचं 'मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस' बीबीसीवर ऑक्टोबर १९६९ मध्ये सुरू झालं. त्याच्या काही महिने आधी विनोदवीर स्पाइक मिलिगनचं 'क्यू ५' टीव्हीवर आलं होतं आणि पायथनवाले चाट पडले होते, कारण आपण जे करायला निघालोय ते या माणसाने आधीच केलं: पंचलाईनच टाकून दिली. मिलिगनच्या स्किटमध्ये शेवट सुचला नाही की नट एकेक पाऊल कॅमेऱ्याकडे सरकत "आता काय करायचं? आता काय करायचं?" असं पुटपुटायचे. मला विचाराल तर आधुनिक माणसावरचं एवढं नेमकं वाक्य तत्त्वज्ञांनाही साधलं नाही. पण ते बाजूला ठेवू.

पायथनचं १९७२ मधलं वादाच्या दवाखान्याचं स्किट घ्या. मायकेल पेलिन काउंटरवर जाऊन सांगतो, मला वाद घालायचाय. दर ठरलेला: पाच मिनिटांचा एक पौंड, दहा बैठकांचा कोर्स घेतला तर आठ. तो आधी चुकीच्या खोलीत शिरतो आणि नुसत्या शिव्या खातो, कारण ती शिव्यांची खोली असते. बरोबर खोलीत जॉन क्लीझ बसलेला. हा म्हणेल ते तो खोडून काढणार. हा वैतागून म्हणतो, याला वाद म्हणत नाहीत, हे नुसतं 'नाही' म्हणणं झालं. रंगात येतोय तोच घंटा वाजते. वेळ संपली. आणखी भांडायचं तर आणखी पैसे.

कागदावर वाचलं तर केवढी केविलवाणी गोष्ट आहे ही! माणसाला घरी भांडायलासुद्धा कुणी नाही. पण बघताना केविलवाणं वाटत नाही. का? कारण स्टुडिओत प्रेक्षक बसलेले आहेत आणि त्यांचं हसणं आपल्याला ऐकू येतं. पेलिन एकटा असेल, आपण नाही. आपण त्या शेदोनशे माणसांत बसलोय.

इथे माझं टेबल येतं. आन्री बेर्गसाँ या फ्रेंच तत्त्वज्ञाने १९०० साली हसण्यावर निबंध लिहिला. त्यात एक साधं निरीक्षण आहे: हसण्याला प्रतिध्वनी लागतो, एकट्या पडलेल्या माणसाला विनोद नीट लागत नाही. टीव्ही आला तेव्हा नेमकी हीच पंचाईत झाली. नाटकाचं थिएटर भरलेलं असतं. टीव्हीपुढे दोन माणसं आणि एक मांजर. मग १९५० च्या दशकात अमेरिकेत चार्ल्स डग्लस नावाच्या ध्वनितंत्रज्ञाने हशाची पेटी बनवली. टाइपरायटरसारख्या कळा, आत ध्वनिफितींवर निरनिराळी हसणी: खुदखुद, खोखो, टाळ्यांसकट. दाबा आणि घ्या. तो पेटीला कुलूप घालत असे. लोक तिला फसवणूक म्हणतात. मी म्हणेन ती सोबत होती. एकट्या माणसाच्या दिवाणखान्यात शेजार आणून बसवणारं यंत्र.

म्हणून ज्या दिवशी कुणीतरी ठरवून तो हशा काढला, त्या दिवशी शेजार उठून गेला. आणि सगळ्यात निष्ठुरपणे तो काढला ब्रिटनच्या ख्रिस मॉरिसने. त्याचा 'ब्लू जॅम' १९९७ ते १९९९ या काळात बीबीसी रेडिओ १ वर मध्यरात्रीनंतर लागायचा. संथ, गुंगी आणणारं संगीत, त्यात मधूनच एक स्किट, परत संगीत. अर्धवट झोपेत ऐकणाऱ्याला आपण काय ऐकलं याची खात्री वाटू नये असा बेत. २००० साली त्याचं टीव्हीवर 'जॅम' झालं, चॅनल ४ वर सहा भाग. मध्ये जाहिराती नाहीत. शेवटी श्रेयनामावली नाही, फक्त एका संकेतस्थळाचा पत्ता. बऱ्याच ठिकाणी नट रेडिओच्या जुन्या ध्वनिमुद्रणावर नुसते ओठ हलवताहेत, त्यामुळे आवाज त्यांच्या तोंडातून न येता दुसऱ्या खोलीतून आल्यासारखा वाटतो.

त्यातलं एक स्किट सांगतो. ज्यांना त्रास होईल त्यांनी हा परिच्छेद सोडावा. एका बाईने प्लंबर बोलावलाय. दुरुस्ती बाळाची आहे. बाळ गेलेलं आहे. तो म्हणतो, बाई, हे माझं काम नाही. ती म्हणते, शेवटी आत नळ्याच तर असतात. पैशाचं बोलणं होतं, आकडा वाढतो आणि माणूस हत्यारांची पेटी उघडतो. कुणी ओरडत नाही. सगळं संभाषण गळक्या नळाच्या सुरात. दुसऱ्या एका स्किटमध्ये मूल शाळेतून घरी आलेलं नाही आणि आईबापांना त्याचं विशेष काही वाटत नाही. तिसऱ्यात एकाच्या टीव्हीतून सरडे बाहेर पडताहेत आणि तो दुरुस्तीवाल्याला बोलावतो, एवढंच.

रॉबिन्सनच्या खोलीत एक वेडा आणि बाकी शहाणे. पायथनच्या दवाखान्यात एक शहाणा आणि बाकी वेडे. 'जॅम'मध्ये शहाणा माणूस चित्रात उरलेलाच नाही. सगळे एकमेकांना समजून घेताहेत, सगळ्यांचं छान जमतंय. "अहो, हे काय चाललंय?" असं विचारणारा एकच जण आहे आणि तो सोफ्यावर बसलाय. बाहेरचा पाट मॉरिसने प्रेक्षकाला दिला. त्याने एकटेपणा दाखवला नाही, तो तुमच्या घरी पाठवून दिला.

तुमच्या ताटाचं उत्तर आता मिळालं असेल. रॉबिन्सनच्या कार्यक्रमातही हशाचा ट्रॅक नाही. पंधरा-अठरा मिनिटांचा एपिसोड चालू असतो तेव्हा पडद्यावरचा माणूस तुमच्यापेक्षा एकटा असतो, म्हणून तुम्ही शहाण्यांच्या गटात असता. एपिसोड संपतो, गट विरघळतो, नळाचं पाणी वाहतंय. चार मित्रांबरोबर हेच बघा, कसंतरी होणार नाही. एकदा करून बघा. लिहिणाऱ्याला हा फरक अंगात भिनलेला हवा.

मराठीत हे जमेल का, यावर माझं मत: रंगभूमीवर केव्हाच जमलंय. सतीश आळेकरांच्या 'महानिर्वाण'मध्ये (१९७४) मेलेला माणूस कीर्तन करतो आणि आपल्याला जुन्याच स्मशानात जाळा म्हणून हटून बसतो. 'बेगम बर्वे'मधले (१९७९) जावडेकर आणि बावडेकर हे दोन कारकून आणि संगीत नाटकाच्या आठवणींवर जगणारा बर्वे यांच्याइतकी एकाकी आणि हास्यास्पद माणसं मी टीव्हीवर तरी पाहिलेली नाहीत. आपल्या टीव्हीवर ते उतरलं नाही याचं कारण प्रेक्षक नव्हे. आपल्याकडे स्किट रंगमंचावर होतं, समोर परीक्षक हसायला बसलेले असतात, आणि नट हशासाठी जागा सोडून बोलतो. ही जागा सोडायची सवय हाडात गेलेली असते. हशा काढून टाका, मग बघा, प्रत्येक वाक्यानंतर एक भोक दिसतं.

तेव्हा पहिला व्यवहारी सल्ला: नटाला हशाची वाट बघू देऊ नका. पुढचं वाक्य आधीच्याच्या शेपटीवर पाय देऊन आलं पाहिजे. शांतता हवी असेल तिथे ती लिहून ठेवा, आणि तिथे पार्श्वसंगीत नको, त्या खोलीचा आवाज हवा. फ्रीजची घरघर, पंख्याची कटकट. शूटिंगच्या दिवशी सगळ्यांना गप्प करून मिनिटभर नुसती खोली रेकॉर्ड करून घ्या. ती मिनिटभराची खोली एडिटला सोन्याच्या भावाने विकली जाते. आणि 'एकटा' हा शब्द संहितेत एकदाही येता कामा नये.

माझंच उदाहरण देतो. एक निवृत्त गृहस्थ, मुलगा परदेशी. फोन येतो: "सर, आपलं केवायसी अपडेट करायचंय, मोबाईलवर सहा आकडी ओटीपी आला असेल तो सांगा." पहिल्या मसुद्यात काका भामट्याला ओळखतात आणि त्याची फिरकी घेतात. ठीक होतं, पण असली स्किट पन्नास आहेत. दुसऱ्या मसुद्यात मी काकांना ओटीपी द्यायला तयार केलं. चष्मा शोधतात, खुर्ची ओढतात, आनंदाने सांगतात: चार, सात, शून्य, दोन. आणि थांबतात.

"पुढचे दोन, सर?"

"ते उद्या. सात वाजता करा. सातच्या आत नको, मी फिरायला गेलेला असतो."

इथे मला कळलं की स्किट सापडलं. उद्या ओटीपी वेगळाच असणार हे दोघांनाही माहीत आहे आणि दोघंही ते बोलत नाहीत. भामटा रोज सातला फोन करतो, काका रोज चार आकडे देतात. भामट्याच्या वरचा माणूस त्याला फैलावर घेतो, तर हा वहीतला आलेख दाखवतो: "सर, प्रगती आहे, काल साडेचार झाले." तिसऱ्या मसुद्यात शेवटी काका म्हणायचे, "तेवढंच कुणाशीतरी बोलणं होतं रे." ते वाक्य मी अभिमानाने लिहिलं होतं आणि आठवड्याने खोडलं. त्याऐवजी एके दिवशी फोन व्यस्त लागतो. तासाने काका उचलतात. भामटा म्हणतो, "काका, कुणाशी बोलत होतात?" काका म्हणतात, "अरे, वीजबिलवाले होते. सहाच्या सहा मागत होते." आणि भामटा हळूच विचारतो, "दिले नाहीत ना?" पंख्याची कटकट. संपलं.

चित्रीकरण छान झालं. एडिटला मी खोलीचा आवाज लावून घेतला. मग वाहिनीच्या बाजूने विचारणा आली की यातून संदेश काय जातो. मी म्हटलं, काही जात नाही. दोन दिवसांनी कळलं की हशाचा ट्रॅक चढलाय, आणि शेवटच्या पंख्याच्या जागी काका कॅमेऱ्याकडे वळून, हात जोडून सांगताहेत, आपला ओटीपी कुणालाही सांगू नका, अनोळखी फोन उचलू नका. नटाला बोलावून तेवढं वेगळं शूट केलं होतं.

प्रक्षेपणाच्या दुसऱ्या दिवशी माझ्या आत्याला फोन केला. ती दोन खोल्यांत एकटीच असते. तिसऱ्या खेपेला उचलला. म्हणाली, "बघितलं रे, छान होतं. मी आता कुणाचाच फोन उचलत नाही बघ."